आर्ची बंकरची खुर्ची

(द्वितीय वर्ष, कला)

विनोदी लेखक म्हटला की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर, गडकरी, चिं. वि. जोशी, आचार्य अत्रे, पु. ल. देशपांडे ही नावे ओळीने उभी राहतात. ह्यांतील बहुतेकांचा विनोद जन्मला तो कागदावर किंवा रंगभूमीवर. चिमणराव पुढे मुंबई दूरदर्शनवर आले खरे, पण ते पुस्तकांतून उचलून तिथे नेलेले. केवळ दूरचित्रवाणीसाठीच विनोद लिहायचा, आपल्या हाताखाली लिहिणाऱ्यांची फौज बाळगायची, नट निवडायचे, त्यांच्याशी आणि कंपनीच्या अधिकाऱ्यांशी भांडायचे आणि पैशांचा हिशेबही आपणच पाहायचा, असा लेखक-निर्माता हा अमेरिकेत तयार झालेला एक वेगळाच प्राणी आहे. त्या मंडळींतले फार मोठे नाव म्हणजे नॉर्मन लिअर. त्यांचा जन्म २७ जुलै १९२२ चा आणि मृत्यू ५ डिसेंबर २०२३ चा. म्हणजे त्यांना १०१ वर्षांचे आयुष्य लाभले.

लिअर यांच्या यशाची गोष्ट मोठी रंजक आहे. परंतु यशस्वी माणसांच्या गोष्टी आपल्या अंकात दरवर्षी येतात. मला त्यांच्याविषयी लिहावेसे वाटले ते एका प्रश्नामुळे. एखाद्या पूर्वग्रहाने भरलेल्या माणसाला लोकांनी हसावे म्हणून लेखकाने त्याला पडद्यावर आणले, आणि हसता हसता लोक त्याच्या प्रेमातच पडले, तर त्या विनोदाने केले काय? हा प्रश्न अमेरिकेत पन्नास वर्षांपूर्वी विचारला गेला. तो माझ्या घरापर्यंत कसा येऊन पोहोचला, ते पुढे सांगेन.

लिअर यांचे घर ज्यू, राहणारे कनेटिकट राज्यातले. वडील हर्मन लिअर हे मोठमोठ्या बाता मारणारे गृहस्थ होते. पंधरा दिवसांत आपण लक्षाधीश होणार, ही त्यांची कायमची घोषणा. नॉर्मन नऊ वर्षांचा असताना खोटे रोखे विकल्याबद्दल वडिलांना अटक झाली आणि ते तीन वर्षे तुरुंगात गेले. आईने घरातले सामान विकायला काढले. त्यात वडिलांची लाल चामड्याची खुर्चीही गेली. रात्री रेडिओ ऐकताना वडील त्याच खुर्चीत बसत. सामान विकत घ्यायला जमलेल्या लोकांतल्या एका मोठ्या माणसाने त्या नऊ वर्षांच्या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून सांगितले की, आता ह्या घरातला कर्ता पुरुष तूच. लिअर पुढे सांगत की, माणूस किती हास्यास्पद असू शकतो हे आपल्याला त्या क्षणी कळले. दुःखाच्या प्रसंगातच विनोद सापडण्याची ही खोड त्यांना जन्मभर पुरली. त्याच सुमारास त्यांनी घरी जुळवलेल्या रेडिओवर फादर कॉफलिन नावाच्या धर्मोपदेशकाचे ज्यूंवर आग ओकणारे भाषण ऐकले. आपण ज्यू आहोत म्हणून आपला कोणी अनोळखी माणूस द्वेष करतो, हे त्यांना तेव्हा पहिल्यांदा समजले.

शाळेच्या शेवटी त्यांनी एका वक्तृत्व स्पर्धेत भाग घेतला. विषय अमेरिकेच्या राज्यघटनेचा होता. त्या बक्षिसावर त्यांना बोस्टनच्या इमर्सन कॉलेजात प्रवेश मिळाला. (आपल्याकडे वक्तृत्व स्पर्धेत ढाल मिळते आणि ती ऑफिसातल्या काचेच्या कपाटात जाते.) परंतु १९४२ मध्ये कॉलेज सोडून ते सैन्यात दाखल झाले आणि इटलीतल्या तळावरून बी-१७ बॉम्बफेकी विमानांतून रेडिओ ऑपरेटर म्हणून ५२ मोहिमांवर गेले. पदवी राहिली ती राहिलीच.

युद्धानंतरची काही वर्षे फिरतीची आहेत. १९४९ मध्ये ते लॉस एंजेलिसला आले. चुलतबहिणीचे यजमान एड सिमन्स आणि ते असे दोघे मिळून दारोदार फर्निचर विकत, लहान मुलांचे फोटो काढून देण्याच्या ऑर्डरी घेत. एका संध्याकाळी दोघांनी बसून एक विडंबनगीत लिहिले आणि ते लगेच एका क्लबात विकले गेले. दिवसभर दारे ठोठावून जे मिळत नसे ते तासाभरात मिळाले. पुढचा किस्सा त्याहून धाडसाचा. डॅनी थॉमस हे तेव्हाचे नामांकित विनोदी नट. लिअर यांनी आपण न्यूयॉर्क टाइम्सचे बातमीदार आहोत अशी थाप मारून त्यांच्या एजंटाच्या कचेरीतून त्यांचा नंबर मिळवला आणि फोनवरच त्यांना एक प्रवेश विकला. त्यानंतर डीन मार्टिन आणि जेरी लुईस ह्या जोडीसाठी लेखन, मग आणखी कार्यक्रम, मग चित्रपट. दिग्दर्शक बड यॉर्किन यांच्याशी भागीदारी करून त्यांनी कंपनी काढली. तिचे नाव ‘टँडम’, म्हणजे दोघांनी पायडल मारायची सायकल. १९६७ च्या ‘डिव्होर्स अमेरिकन स्टाइल’ ह्या चित्रपटाच्या पटकथेसाठी त्यांना ऑस्करचे नामांकनही मिळाले. एवढ्यावर ते थांबले असते तर एक सुखवस्तू हॉलिवूडवाला म्हणून त्यांची नोंद झाली असती. ह्या अंकात तरी त्यांचे नाव आले नसते.

ह्याच काळात त्यांच्या वाचनात आले की, इंग्लंडमध्ये बी.बी.सी.वर ‘टिल डेथ अस डू पार्ट’ नावाची मालिका गाजते आहे. जॉनी स्पाइट हे तिचे लेखक. तिच्यात आल्फ गार्नेट नावाचा लंडनचा एक कामगार आहे, त्याला काळे, परदेशी, ज्यू कोणीच सहन होत नाही, आणि घरात डाव्या विचाराच्या जावयाशी त्याची रोज जुंपते. लिअर यांनी वाचले आणि त्यांना आपले वडीलच आठवले. वडील त्यांना आळशी म्हणताना, मी पाहिलेल्या गोऱ्या पोरांत तू सर्वांत आळशी, असे म्हणत. मुलगा म्हणे, मला आळशी ठरवायला तुम्ही एका अख्ख्या वंशाला कमी लेखता. वडील म्हणत, मी तसे काही केले नाही, तू गोऱ्या पोरांत सर्वांत मठ्ठही आहेस! हाच संवाद त्यांनी आपल्या मालिकेत घातला. सासरा जावयाला ‘मीटहेड’, म्हणजे मठ्ठ, म्हणतो तो शब्द वडिलांचा. बायकोला ‘स्टायफल’, म्हणजे गप बैस, म्हणतो तोही वडिलांचाच. खुर्चीदेखील आली. ‘ऑल इन द फॅमिली’ ह्या मालिकेतल्या दिवाणखान्यात एक खुर्ची आहे, तीत घरधनी आर्ची बंकर याच्याशिवाय कोणी बसायचे नाही.

मालिका विकली जाणे मात्र सोपे नव्हते. ए.बी.सी. ह्या कंपनीने १९६८ आणि १९६९ मध्ये दोनदा नमुन्याचा भाग करून घेतला आणि दोन्ही वेळा नाकारला. शेवटी सी.बी.एस. कंपनी तयार झाली. ती त्या काळात खेडवळ विनोदाच्या मालिका बंद करून शहरी तरुण प्रेक्षक शोधत होती. म्हणजे धाडसामागे व्यापारही होताच, हे विसरता कामा नये. पहिल्या भागात आर्ची आणि त्याची बायको ईडिथ चर्चमधून लवकर परत येतात आणि मुलगी-जावई रविवारी भर सकाळी माडीवरून खाली येताना त्यांना दिसतात. त्यावर आर्ची जे एक वाक्य बोलतो ते काढा, असा कंपनीचा हट्ट होता. वाक्य किरकोळ होते. लिअर म्हणाले, ते काढले तर मी उद्यापासून येणार नाही. पहिल्या वाक्याला मान तुकवली तर पुढची शंभर वाक्ये जातील, हे त्यांना कळत होते. वाक्य राहिले. १२ जानेवारी १९७१ रोजी पहिला भाग दाखवताना कंपनीने आधी पडद्यावर एक निवेदन दिले, की माणसाच्या उणिवा आणि पूर्वग्रह यांच्यावर विनोदाचा प्रकाश टाकण्याचा हा प्रयत्न आहे. तक्रारींचा पाऊस पडेल म्हणून टेलिफोनवर जादा माणसे बसवली होती. पाऊस काही पडला नाही.

आर्ची हा न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातला, गोदीवर मुकादम असलेला माणूस. कॅरल ओ’कॉनर या नटाने ही भूमिका केली. काळे, ज्यू, कॅथलिक, पोर्तो रिकन, स्त्रिया, विद्यार्थी, सगळ्यांविषयी त्याच्याजवळ एकेक शेलके विशेषण आहे. इंग्रजी शब्दांची तो मोडतोड करतो. ईडिथ भोळी आहे, पण खरे काय ते नेमके तिच्याच तोंडून निघते. जावई माइक हा पोलिश वंशाचा, समाजशास्त्राचा विद्यार्थी, पुस्तकी, वादात तरबेज आणि जेवायला पट्टीचा. तो सासऱ्याच्या घरी फुकट राहतो. त्याच्या शिक्षणाचे दिवस आर्चीच्या पगारावर चालले आहेत. आर्ची ते त्याला विसरू देत नाही, आणि माइक वाद घालायचे सोडत नाही.

आम्हां पहिल्या पिढीच्या कॉलेजवाल्यांना ह्या घराची ओळख करून द्यायला नको.

हे चित्रण कसे होई तेही सांगण्यासारखे आहे. खरोखरच्या प्रेक्षकांसमोर, नाटकासारखे, एकाच दिवशी दोन प्रयोग करीत आणि त्या दोन्हींतले चांगले तेवढे जोडून भाग तयार करीत. हशा डब्यातला नव्हता, खऱ्या माणसांचा होता. आठवडाभर तालमींत संहिता बदलत राही. नटांशी वाद होत. १९७२ मधला लिफ्टचा भाग हे ह्याचे उत्तम उदाहरण आहे. आर्ची एका मोठ्या इमारतीच्या लिफ्टमध्ये अनोळखी माणसांबरोबर अडकतो. त्यांत एक पोर्तो रिकन जोडपे आहे, आणि त्या बाईला तिथेच कळा सुरू होतात. लिफ्टमध्ये बाळंतपण ही कल्पना ओ’कॉनर यांना मुळीच मान्य नव्हती. ते चिडले, रडले, प्रकरण वकिलांपर्यंत गेले. लिअर हटले नाहीत. अखेर भाग झाला. बाळंतपण पडद्यावर दिसत नाही, कॅमेरा आर्चीच्या चेहऱ्यावर आहे. आयुष्यभर ज्या लोकांना तो नावे ठेवत आला त्यांच्या मुलाचा पहिला टाहो त्याच्या कानावर पडतो, आणि त्या चेहऱ्यावर जे उमटते ते मी शब्दांत सांगू शकत नाही. तिथे एकही विनोद नाही. नट आणि निर्माता यांच्या भांडणातून एवढी चांगली गोष्ट निघू शकते, हे आपल्या स्नेहसंमेलनाच्या नाट्यविभागाने ध्यानात घ्यायला हरकत नाही.

मालिका लागोपाठ पाच हंगाम अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर राहिली. लिअर यांनी मग तिच्या फांद्या फोडल्या. ईडिथच्या नात्यातली, पण आर्चीच्या अगदी उलट विचारांची मॉड नावाची बाई एका भागात आली होती. १९७२ मध्ये तिची स्वतंत्र मालिका झाली. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात ४७ वर्षांची मॉड गर्भपाताचा निर्णय घेते असे दोन भाग दाखवले गेले. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा त्या विषयावरचा निकाल त्यानंतर, जानेवारी १९७३ मध्ये लागला. (तो निकालही त्याच न्यायालयाने २०२२ मध्ये फिरवला.) काही स्थानिक केंद्रांनी ते भाग दाखवायला नकार दिला. ‘सॅनफर्ड अँड सन’ मध्ये लॉस एंजेलिसचे काळे भंगारवाले बापलेक होते, ‘गुड टाइम्स’ मध्ये शिकागोच्या सरकारी चाळीतले काळे कुटुंब. १९७४-७५ च्या हंगामात पहिल्या दहा कार्यक्रमांपैकी पाच एकट्या लिअर यांचे होते.

‘गुड टाइम्स’ विषयी थोडे थांबून सांगतो. ब्लॅक पँथर ह्या संघटनेचे काही तरुण थेट लिअर यांच्या कचेरीत आले. (ह्याच संघटनेच्या नावावरून १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथरचे नाव पडले, हे आपण जाणतोच.) त्यांची तक्रार अशी, की तुमच्या मालिकेतला काळा बाप मरमर राबतो तरी कायम दरिद्रीच का? काळा माणूस वर गेलेला तुम्हांला दाखवताच येत नाही का? लिअर यांनी ते ऐकले, आणि आर्चीच्या शेजारचे जेफरसन हे काळे कुटुंब १९७५ मध्ये मॅनहॅटनच्या उंच इमारतीत राहायला गेले. जॉर्ज जेफरसनची धुलाईची दुकाने चांगली चालू लागली आहेत असे दाखवले होते. ‘द जेफरसन्स’ १९८५ पर्यंत चालली. पण ‘गुड टाइम्स’ मध्येच आई आणि वडील यांची कामे करणारे एस्थर रोल आणि जॉन एमॉस वेगळ्या कारणाने नाराज होते. मोठा मुलगा जे.जे. याला विदूषक करून टाकले, आणि त्याच्यावरच हशे वसूल होऊ लागले, असे त्यांचे म्हणणे. एमॉस यांना १९७६ मध्ये मालिकेबाहेर पडावे लागले. माझे मत असे की एमॉस बरोबर होते. ज्या निर्मात्याने गोऱ्या मुकादमाचे मन इतके उलगडून दाखवले, त्याच्याच कारखान्यात काळा मुलगा एका ठरावीक आरोळीचा धनी झाला. हशा खऱ्या माणसांचा असला म्हणजे तो निर्दोष असतो, असे नाही.

आता मूळ प्रश्नाकडे येतो. १९७१ सालीच लॉरा हॉबसन ह्या लेखिकेने न्यूयॉर्क टाइम्समध्ये लिहिले की हा द्वेष धुऊन पुसून गोड केलेला आहे. खरा द्वेष्टा इतका लोभस नसतो. १९७२ च्या निवडणुकीच्या वेळी आर्चीला राष्ट्राध्यक्ष करा असे छापलेले सदरे आणि चिकटपट्ट्या विकल्या गेल्या. गंमत म्हणून, पण विकल्या गेल्या. मग १९७४ मध्ये नील विडमार आणि मिल्टन रोकीच या मानसशास्त्रज्ञांनी अमेरिकेतील शाळकरी मुले आणि कॅनडातील प्रौढ यांना प्रश्न विचारून एक अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात आढळले ते असे, की मालिका दोन्ही प्रकारच्या लोकांना आवडते. मात्र ज्यांच्या मनात पूर्वग्रह जास्त त्यांना वादात शेवटी आर्चीच जिंकतो असे वाटते, आणि तो त्यांना माइकपेक्षा जवळचा वाटतो. म्हणजे एकाच आरशात प्रत्येकाने आपल्याला हवे ते पाहिले. इंग्लंडमध्येही तेच घडले होते. आल्फ गार्नेटचे काम करणारे वॉरन मिचेल स्वतः ज्यू; ते सांगत की रस्त्यात लोक भेटून त्या परक्यांना तुम्ही बरे झोडपता म्हणून आपले अभिनंदन करतात, आणि आपल्याला सांगावे लागते की झोडपतो ते तुमच्यासारख्यांना.

अभ्यासकांनी ह्याला पुढे ‘आर्ची बंकर परिणाम’ असे नावच दिले. भारतापुरते पाहायचे तर ‘हम लोग’ ही दूरदर्शनची १९८४-८५ ची मालिका. तिच्यातली सोशिक आई भागवंती हे, असे निमूट सोसू नका, हे सांगण्यासाठी ठेवलेले उदाहरण होते. प्रेक्षकांपैकी अनेकांनी तिलाच आदर्श मानले. संशोधकांनी तिथेही हेच नाव वापरले.

इथे मला माझ्या घराविषयी लिहिणे भाग आहे. माझे वडील लवकर वारले. थोरल्या चुलत्यांनी, तात्यांनी, आम्हांला सांभाळले. माझ्या मेसचे पैसे दर महिन्याच्या पाच तारखेच्या आत येतात, ते तात्यांच्या उसाच्या बिलातून. त्यांच्याइतका कष्टाळू आणि अडल्या-नडल्याला धावून जाणारा माणूस मी आमच्या गावात दुसरा पाहिला नाही. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत वसतिगृहातला माझा खोलीमित्र आमच्या घरी आला होता. तो दलित कुटुंबातला आहे. (हे लिहिण्यापूर्वी मी त्याला विचारले आहे. तो म्हणाला, लिही, फक्त माझे नाव घालून मला प्रसिद्ध करू नकोस.) ओसरीवर चहा आला. आम्हांला कपबशीत आणि त्याला स्टीलच्या ग्लासात. तो चहा प्याला, छान झाला म्हणाला, आणि मोटारस्टँडपर्यंत मी त्याला सोडायला गेलो तेव्हा तो सगळा वेळ परीक्षेच्या वेळापत्रकाविषयी बोलत होता. रात्री माझे आणि तात्यांचे वाजले. तात्या म्हणाले, “तुला शिकाया धाडला त्यो आमास्नी शिकवाया व्हय?” आर्चीने माइकला जवळजवळ ह्याच शब्दांत किती वेळा सुनावले आहे, ते मी मोजलेले नाही.

उन्हाळ्याच्या सुट्टीत मी तात्यांना मोबाइलवर ‘ऑल इन द फॅमिली’चा एक भाग दाखवला आणि वाक्यावाक्याला थांबवून मराठी करून सांगितले. भाग १९७२ चा, सॅमी डेव्हिस ज्युनिअर या प्रख्यात काळ्या गायक-नटाचा. तो खराच सॅमी डेव्हिस. आर्ची फावल्या वेळात टॅक्सी चालवत असताना तो आपली बॅग तीत विसरतो आणि ती न्यायला आर्चीच्या घरी येतो. एवढा मोठा माणूस घरी आलेला, त्यामुळे आर्ची त्याला आपली खुर्ची देतो. डेव्हिसचा एक डोळा अपघातात गेला होता, काचेचा होता. त्याविषयी चकार शब्द काढू नका असे आर्ची घरच्यांना बजावतो, आणि कॉफी आल्यावर गडबडून स्वतःच विचारतो की डोळ्यात दूध-साखर किती घालू! तात्या इथे हसले. मी मात्र कपांकडे पाहत होतो. मग आर्ची आपले तत्त्वज्ञान सांगतो, की आपण एकत्र राहावे असे देवाच्या मनात असते तर त्याने तुम्हांला आफ्रिकेत आणि आम्हांला गोऱ्यांच्या देशांत ठेवले नसते. तात्यांनी मान हलवली. म्हणाले, “बराबर हाय की.” त्यावर डेव्हिस शांतपणे सुचवतो की देवाने आमचा पत्ता कोणाला तरी सांगितला असावा, कारण कोणीतरी येऊन आम्हांला घेऊन गेले. मी मराठी करून सांगितल्यावर तात्या क्षणभर गप्प झाले आणि मग मोठ्याने हसले. “लई हजरजबाबी हाय गडी,” म्हणाले. शेवटी फोटो काढताना नेमका कळ दाबायच्या क्षणाला डेव्हिस आर्चीच्या गालाचा मुका घेतो. तिथे प्रेक्षकांचा जो हशा होतो तो थांबतच नाही, आणि आमच्या ओसरीवर तात्यांना हसून हसून ठसका लागला.

भाग संपल्यावर मी विचारले, “तात्या, कोण आवडलं?”

“त्यो म्हातारा. मनातलं बोलतोय बिचारा. पोटात एक नि ओठात एक न्हाई.”

विडमार आणि रोकीच यांचा निष्कर्ष खरा आहे, हे मी आमच्या ओसरीपुरते प्रमाणित करतो. फक्त त्यांच्या प्रश्नावलीत त्या ठसक्याला रकाना नसावा.

लिअर यांना हा प्रश्न जन्मभर विचारला गेला. त्यांचे उत्तर साधारण असे असे, की जो द्वेष दोन हजार वर्षांच्या धर्मशिकवणुकीने गेला नाही तो माझ्या अर्ध्या तासाच्या मालिकेने जावा, ही अपेक्षाच मूर्खपणाची आहे. तळ्यात खडा टाकला तर पाण्याची पातळी वाढते, पण डोळ्यांना दिसतात ते तरंगच, असे आजोबांकडून आलेले सांगणे ते सांगत. उत्तर नम्र आहे, आणि थोडे सोयीचेही आहे. खडा टाकणाऱ्याने पाण्यात कोण बुडते आहे तेही पाहावे लागते. परंतु मला एक गोष्ट त्यांच्या बाजूने म्हणावीशी वाटते. लिअर यांचे वडिलांवर प्रेम होते. वडील खोटे बोलत, घरच्यांना फसवत, तुरुंगात गेले, तरी मुलगा त्यांची खुर्ची विसरू शकला नाही. हे प्रेम नसते तर आर्ची एक कागदी राक्षस झाला असता, आणि कागदी राक्षसाशी माझ्या तात्यांचे काय नाते? मालिका पाहून ते उठून गेले असते. आर्ची लोभस आहे म्हणूनच त्याचे विष ओळखू येत नाही, आणि लोभस आहे म्हणूनच ज्यांनी पाहायला हवे ते पाहायला बसतात. ह्यातले एक ठेवून दुसरे टाकता येईल असे मला तरी वाटत नाही.

१९७८ मध्ये आर्ची आणि ईडिथ यांच्या खुर्च्या वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात गेल्या. मूळ खुर्ची जुन्या सामानाच्या दुकानातून थोडक्या डॉलरांत आणली होती. मालिका पुढे चालू राहिली, म्हणून तिच्यासारखीच नवी करून घ्यायला निर्मात्यांना हजारो डॉलर मोजावे लागले, ही त्यातली गंमत. लिअर यांनी त्याच सुमारास रोजच्या कामातून अंग काढून घेतले. धर्माच्या नावाने राजकारण करणाऱ्या प्रवचनकारांच्या विरोधात त्यांनी १९८० च्या सुमारास एक नागरी संघटना काढली. १९८४ मध्ये दूरचित्रवाणीच्या मानकऱ्यांची पहिली यादी झाली, तीत त्यांचे नाव आले. त्यांनी आईला आनंदाने फोन केला तेव्हा, त्या लोकांना तसेच करायचे असेल तर मी कोण बोलणार, एवढेच आई म्हणाली. जुन्या संहिता नव्या नटांकडून थेट सादर करण्याच्या कार्यक्रमासाठी २०२० मध्ये, वयाच्या ९८ व्या वर्षी, त्यांना पुन्हा एमी पारितोषिक मिळाले.

खुर्च्या संग्रहालयात गेल्या त्याच वर्षी, फेब्रुवारी १९७८ मध्ये, एक भाग दाखवला गेला होता. आर्ची आणि माइक एका रात्री आर्चीच्या गुत्त्यातल्या कोठारात कोंडले जातात. थंडी आहे, दोघे पितात. नशेत आर्ची लहानपणाचे सांगू लागतो. मंदीत घरी पैसे नव्हते, म्हणून एका पायात बूट आणि दुसऱ्यात वेगळाच जोडा घालून तो शाळेत जाई आणि मुले त्याला त्यावरून चिडवत. मग बापाचे सांगतो. बापाने मारले, तासन्‌तास कपाटात कोंडले, सगळे माझ्या भल्यासाठीच. माइक म्हणतो, तुमचा बाप चुकत होता. आर्चीला ते कळतच नाही. ज्याने हाताला धरून फिरवले, खाऊ घातले, त्याने शिकवलेले चूक कसे असेल? बोलता बोलता तो झोपतो, आणि माइक त्याच्या अंगावर पांघरूण घालतो.

हा भाग मी तात्यांना अजून दाखवलेला नाही. आर्ची त्यात नशेत, तुटक आणि अडखळत बोलतो, त्यामुळे वाक्यावाक्याला थांबवून मराठी करणे जड जाते. अर्धा भाग वहीत उतरवून झाला आहे.